पाव कर्जाचं जेवण

८ नोव्हेंबर २०१४, शनिवार
आज सही केली. पंधरा लाख, वीस वर्षं. डहाणू रोडला दुसऱ्या मजल्यावर वन बीएचके. जिल्हा नवा, घर नवं, सहीसाठी पेनसुद्धा नवं नेलं होतं. बाबा अजून जाळी विणतात, धाकटा मनिष होडीवर जातो. घराण्यात होम लोन घेणारा पहिला माणूस मी. तलासरीला सरकारी ऑफिसात क्लार्क असल्याचा हा फायदा. फायनान्स कंपनी स्वतःहून पाठी लागते. (कंपनीचं नाव लिहीत नाही. फुकट जाहिरात नको.)

बोईसरच्या ऑफिसात हार्दिक नावाचा पोरगा आहे, उंबरगावचा. हप्त्यातलं व्याज किती नि मुद्दल किती हे समजवायला चार-पाच कागद काढून बसला. मी हात वर केला. म्हटलं, आम्ही होडीवाले. वाटा म्हणजे काय ते आम्हाला शिकवू नका. म्हावरं विकलं की अर्धा वाटा होडीचा, अर्धा खलाशांचा. हप्त्याचंही तेच. अर्धा व्याजाला, अर्धा मुद्दलाला. हार्दिकने तोंड उघडलं, मला चिमणभाई एवढंच म्हणाला आणि मिटलं. पटलं असणार.

फिक्स्ड की फ्लोटिंग, असं विचारलं. फ्लोटिंगच. आमच्या रक्तात आहे.

९ नोव्हेंबर २०१४
डाउन पेमेंटला बायकोच्या, म्हणजे जमुनाच्या, पाटल्या गेल्या. तिच्या आईने दिलेल्या होत्या. रडली नाही, पण दोन दिवस मनगट चोळत होती. म्हणून आज तिला विवळवेढ्याला महालक्ष्मीच्या देवळात नेलं आणि तिच्यासमोरच नवस बोललो. पाव कर्ज फिटू दे, हिच्या हातात पाटल्या घालून पाया पडायला आणीन. जमुना म्हणाली, पूर्ण फिटल्यावरच बोला ना. म्हटलं, वीस वर्षं थांबशील? तिने देवीला हात जोडले.

घरी येऊन हिशेब केला. हप्ता १४,६२५. त्यातला अर्धा मुद्दलाला. पाव कर्ज म्हणजे पावणेचार लाख. ते फिटतात मार्च २०१९ मध्ये. लगेच एप्रिलमध्ये देवीची जत्रा. तारीख देवीनेच जुळवून दिली म्हणायची.

५ जानेवारी २०१५
पहिला हप्ता कापला गेला. मेसेज आला. सात हजार तीनशे बारा रुपयांनी मोकळा झालो. अंगात हलकं वाटतंय.
ठराव: ऑफिसात चहा एकच. वाचलेले पैसे लोनमध्ये.

६ जानेवारी २०१५
तलासरीत फार थंडी. चहा तीन. ठराव उद्यापासून.

१३ सप्टेंबर २०१५, रविवार
मनिषच्या होडीवर कुरकुर. खलाशी म्हणतात, डिझेल कापलं, बर्फ कापला, वाट्याला काही उरलंच नाही. शिकलेला माणूस म्हणून मला मध्ये पडावं लागलं. समजावलं की अर्धा म्हणजे अर्धा, गणित आहे, इथे रडून चालत नाही. खलाशांचा म्होरक्या, तांडेल, म्हणाला, साहेब, आधी डिझेल, मग वाटा. म्हटलं, असंच बोलत राहिलात तर तुम्हाला कुणी लोन देणार नाही.

बाबा जाळं विणता विणता हसत होते. वयाने होतं असं.

२१ मे २०१६
हार्दिकचा फोन. नव्या लोकांना व्याज कमी झालंय, जुन्यांनी पाच हजार फी भरून अर्ज केला तर त्यांनाही कमी होईल म्हणे. मी मनातल्या मनात हसलो. आपलं फ्लोटिंग आहे. ओहोटी लागली की आपोआप खाली येणार. ओहोटीसाठी कुणी फी भरतं का? हार्दिक म्हणाला, चिमणभाई, एकदा ऑफिसला येऊन बसा. म्हटलं, मला ऑफिस आहे.

पाच हजार वाचवले. त्यात सोफ्याला कव्हरं शिवली. मरून रंगाची.

१२ नोव्हेंबर २०१६
नोटा बंद. जमुनाने तांदळाच्या डब्यातून चाळीस हजार काढले. सुके बोंबील विकून साठवलेले, आणि मला पत्ता नाही. नवऱ्यापासून लपवाछपवी मला आवडत नाही. तरी मोठ्या मनाने विषय काढला नाही. दोनदाच काढला.

ती म्हणाली, बँकेत भरा आणि सगळे लोनमध्ये टाका. किती भोळी. तिला नीट समजावलं की जास्तीचे भरले तरी अर्धे व्याजात जाणार. वीस हजार उगाच कंपनीच्या घशात. त्यापेक्षा वस्तू केलेली बरी, पूर्ण चाळीसची होते. तिने विचारलं, असं हार्दिक म्हणाला का? म्हटलं, हे कुणी म्हणावं लागत नाही.

३ डिसेंबर २०१६
नवी बाइक. उरलेले पैसे पगारातून. तलासरीला ऐटीत गेलो. जमुना मागे बसली नाही, बोंबलांचा वास लागेल म्हणाली. टोमणा असावा.

१५ सप्टेंबर २०१७
बुलेट ट्रेनचं भूमिपूजन झालं. आपल्या तालुक्यातून जाणार. ऑफिसात रघ्या म्हणाला, उधव्याकडच्या लोकांना जमिनीची काळजी लागली आहे. मी त्याला दुसरी बाजू सांगितली. माझ्या फ्लॅटची किंमत तिप्पट होणार. म्हणजे कर्ज आपोआप तिसऱ्या हिश्श्यावर आलं. रघ्याचं घर अजून अर्धवट आहे. पगार झाला की विटा आणतो, पैसे संपले की थांबतो. लोन न घेतल्याचे परिणाम.

२४ नोव्हेंबर २०१७
कंपनीला माझी पत कळली. आहे त्याच लोनवर टॉप-अप दिला, आणखी एक लाख वीस हजार. आणि हप्ता एक रुपयाने वाढला नाही. पुन्हा लिहितो, एक रुपयाने नाही. हार्दिक मुदतीबद्दल काहीतरी सांगत होता. मी एकच प्रश्न विचारला, हप्ता वाढतो का? नाही म्हणाला. मग विषय संपला.

१७ डिसेंबर २०१७
हॉलला पीओपीचं सीलिंग, आत निळे दिवे. दारावर ग्रॅनाइटची पाटी, सोनेरी अक्षरात माझं नाव. बाबा बघायला आले. वर बघून म्हणाले, छप्पर खाली का आणलंस? त्यांना काय सांगणार.

जमुनाने विचारलं, यातल्या थोड्या पैशात पाटल्या झाल्या नसत्या का? म्हटलं, नवस पाव कर्जाचा आहे. देवीला शब्द दिलाय, आधी केल्या तर देवी कोपेल.

२ फेब्रुवारी २०१९
काल पुन्हा धरणी हलली. नोव्हेंबरपासून हेच चाललंय, पण कालचा धक्का मोठा. तलासरीकडे माणसं प्लास्टिकचे तंबू ठोकून बाहेर झोपतात. आमच्या भिंतींना काही नाही, पण पीओपीला या टोकापासून त्या टोकापर्यंत तडा. निळ्या दिव्यात फार स्पष्ट दिसतो. दिवे बंद ठेवायचं ठरवलं.

जमुनाने विचारलं, घर पडलं तर लोन पण पडतं का? प्रश्न बावळट वाटला, पण रात्रभर डोक्यातून जाईना. सकाळी हार्दिकला फोन केला. नाही म्हणाला.

३१ मार्च २०१९, रविवार
झालं. पाव कर्ज फिटलं. हिशेब तीनदा केला, दोन हजार कमी आहेत, ते पाच तारखेच्या हप्त्यात आलेच. पुढच्या रविवारनंतरच्या रविवारी, चौदा तारखेला, जेवण ठेवतोय. नातेवाईक, ऑफिस, सोसायटी, मनिषचे खलाशीसुद्धा. साठ माणसं. पापलेट तळून, कोलंबीचा भात, वर आइस्क्रीम. मनिषने विचारलं, निमित्त काय सांगू? म्हटलं, पाव कर्ज फिटल्याचं जेवण. तो म्हणाला, असं असतं का? आता असेल.

सोनाराकडेही जाऊन आलो. त्याने पाटल्यांचं माप मागितलं. जमुनाने कपाटातून एक जुनी बांगडी काढून दिली आणि दुपारभर गुणगुणत होती. इतक्या वर्षांत तिला गुणगुणताना ऐकलं नव्हतं.

ठराव: कंपनीकडून पाव कर्ज फिटल्याचं सर्टिफिकेट आणून फ्रेम करायचं. जेवणाच्या दिवशी हॉलमध्ये. तडा झाकेल अशा बेताने.

१२ एप्रिल २०१९, शुक्रवार
बोईसर. हार्दिक म्हणाला, असं सर्टिफिकेट नसतं, मार्चअखेरचं स्टेटमेंट देतो. दिलं.
भरलेले: सात लाख पंचेचाळीस हजार.
बाकी: पंधरा लाख चौदा हजार.
म्हटलं, प्रिंटर बदल. त्याने दुसऱ्या प्रिंटरवर काढलं. तेच. मग त्याने मला पाणी दिलं.

म्हटलं, पंधरा घेतले, साडेसात भरले, आणि बाकी पंधराच्या वर? त्याने साडेचार वर्षांपूर्वीचे तेच कागद पुन्हा काढले. या वेळी मी हात वर केला नाही. दर महिन्याला आधी सगळं व्याज कापून घेतात. उरलं तर मुद्दलाला. पहिल्या हप्त्यातले साडेबारा हजारांच्या वर व्याजात गेले, मुद्दलातले दोन हजारसुद्धा फिटले नाहीत. जे काही थोडं फिटत गेलं त्यावर मी टॉप-अप घेऊन बसलो. हप्ता वाढला नाही, वर्षं वाढली. वीस वर्षांचं लोन होतं. सव्वाचार वर्षं भरून आता वीस वर्षं आठ महिने उरलं आहे.

विचारलं, ते चाळीस हजार भरले असते तर? सगळेच्या सगळे मुद्दलात गेले असते म्हणाला. आणि पाच हजारांची फी? चिमणभाई, आता ते नका विचारू, म्हणाला. म्हटलं, मी अठ्ठावन्नला रिटायर होतो, हे तर त्रेसष्टपर्यंत चालणार. पगार नसेल तेव्हा कोण भरणार? त्याने कागद उलटून जमुनाची सही दाखवली. ती को-बॉरोअर आहे, कर्ज तिच्याही नावावर. सही करताना मीच तिला सांगितलं होतं, फॉर्मॅलिटी आहे.

बाइक हळू चालवली.

त्याच दिवशी, संध्याकाळी
आधी डिझेल, मग वाटा.

१३ एप्रिल २०१९
जमुनाला सांगितलं की थोडा टेक्निकल फरक आलाय. तिने विचारलं, पाव फिटलं का? म्हटलं, पावाच्या आसपास. तिने विचारलं, कुठल्या बाजूने? मग स्टेटमेंटच दिलं. तिने दोन्ही आकडे बोट ठेवून वाचले. उठून ती मापाची बांगडी कपाटात ठेवून आली. मला फार लाज वाटली. टेक्निकल नाही, साधी लाज.

साठ माणसांना नको कसं सांगणार? जमुनाने मनिषला फोन केला. पापलेट नको, कोलंबी नको. घरचेच बोंबील आहेत. मग मला बेकरीत पिटाळलं. दोनशे पाव घेऊन या म्हणाली.

१४ एप्रिल २०१९, रविवार
सुक्या बोंबलांचं कालवण आणि पाव. पाहुणे इकडेतिकडे बघत होते. जमुना एकेकाच्या ताटात वाढत सांगत फिरली, पाव कर्जाचं जेवण आहे, पाव घ्या, लाजू नका. सगळा हॉल हसत होता. पाव फिटलंच नाही हे फक्त आम्हा दोघांना माहीत होतं. मला वाटलं निदान हे गुपित राहील, तर तांडेल हात धुता धुता माझ्या कानाशी आला आणि विचारलं, डिझेल कापलं का साहेब? चेहऱ्यावर दिसतं बहुतेक.

बाबांनी पाच पाव खाल्ले. कालवण झकास झालं होतं, हे कबूल करावं लागेल.

२० एप्रिल २०१९
विवळवेढ्याची जत्रा. इलेक्शन ड्युटी लागली आहे, ते कारण सांगून जाणं टाळणार होतो. जमुना तयार होऊन दारात उभी. नवस बोललाय, फेडायचा, म्हणाली. म्हटलं, कशाने?

जत्रेत तिने मला हाताला धरून एका टपरीवर नेलं. पिवळ्या पाटल्या, जोडी दीडशे रुपये. घासाघीस करून बघितली, टपरीवाली बाई ऐकेना. जमुनाने हात पुढे केला आणि मला घालायला लावल्या. नवसात सोनं म्हटलं नव्हतं, पाटल्याच म्हटलं होतं, असं तिने देवीला स्वतः सांगितलं. उन्हात हात फिरवून बघत होती. चांगल्या दिसत होत्या. तेच जास्त लागलं.

खिसा चाचपला, पाकीट ड्युटीच्या पँटमध्ये राहिलेलं. पैसे तिनेच दिले. म्हटलं, पगार झाला की हे दीडशे परत करतो. ती म्हणाली, एकदम द्या, हप्ते नकोत.