टेकडीला धक्का न लावता

३ मार्च
साहेबांनी माझी नियमावली न वाचताच ड्रॉवरमध्ये टाकली. 'जादुई प्रदेशांची मोजणी : धक्का न लावण्याचे चौदा नियम.' दोन वर्षं रक्त आटवलं त्यापायी! म्हणाले, आधी एक तरी प्रदेश मोजून दाखवा, मग अक्कल शिकवा. पंचवीस वर्षं नकाशा खात्यात आहे मी. दाखवतोच.

३ मार्च, संध्याकाळ
जागा ठरली. ताईच्या मागच्या अंगणात पाण्याची टाकी आहे. टाकी आणि भिंत यांच्या फटीतून आडवं होऊन शिरलं की पलीकडे माळ आणि एक टेकडी. ताईने हे फक्त मला सांगितलंय. दाजी गेल्यापासून ती रोज दुपारी तिथे जाते. टेकडीकडे बघून "अहो" म्हणते, आणि दाजींच्या आवाजात "आलो गं" असं येतं. सात वर्षं हेच. असा प्रदेश नकाशावर नसणं ही खात्याला लाज आहे.

५ मार्च
ताई नको म्हणते. टेकडी बुजेल म्हणे. मी नियम पहिला वाचून दाखवला : कशालाही हात लावायचा नाही. तर म्हणाली, लहानपणी माझी बाहुलीही नुसती बघतो म्हणूनच घेतली होतीस. हिला सकाळी ठेवलेला चष्मा सापडत नाही, पण पन्नास वर्षांपूर्वीची बाहुली बरोबर आठवते! शेवटी गप्प बसली. नियम तिसरा : स्थानिकांची संमती घ्यावी. गप्प बसणं म्हणजे संमतीच.

८ मार्च
टेकडी सरकते! काल झाडाच्या डावीकडे, आज उजवीकडे. मी आकडा वहीत लिहीपर्यंत बाईसाहेब बूड हलवून दुसरीकडे. सलग तिसरा दिवस. ताई म्हणते, ऊन आलं की ती जागा बदलते, त्यात काय एवढं? त्यात काय! सात वर्षांत हिने टेकडीला जरा म्हणून वळण लावलं नाही.

१० मार्च, दुपारी १
मोजणीला एक तरी खूण पक्की लागते. हे शेंबडं पोरही सांगेल. खुंटी ठोकली. एकच. नियमात 'हात' म्हटलंय, मी हातोडा वापरला.

११ मार्च
टेकडी खुंटीभोवती दावणीच्या शेळीसारखी फिरत होती. संताप आला. आणखी चार ठोकल्या. तिच्याच भल्यासाठी. ताईने विचारलं, आज त्यांचा आवाज एवढा बसलेला का? म्हटलं, हवा बदलली असेल.

१४ मार्च
अकरा खुंट्या. हूं की चूं नाही! दिवसभरात नकाशा पूर्ण, इंचाचा फरक नाही. ताई रडून सांगत होती की काढ त्या खुंट्या, आज नुसता खाकरल्यासारखा आवाज आला, शब्दच नाहीत. म्हटलं, साहेबांची पडताळणी झाली की काढतो, चार दिवस कळ काढ. तर आत जाऊन दार लावलं. सख्खी बहीण! परक्याने निदान शाबास म्हटलं असतं.

१९ मार्च
साहेब आले. फटीतून शिरताना शर्टाचं बटण तुटलं, त्याचाही राग माझ्यावर. टेकडीभोवती एक चक्कर मारली आणि फाइल माझ्याच हातात परत. शेरा : 'हलत नाही, बोलत नाही. साधी टेकडी. जादुई विभागात घेता येत नाही.' अरे, हलत नाही कारण मी मोजलीय! मूर्खांचा बाजार आहे नुसता.

१९ मार्च, दुपारी ४
खुंट्या उपटल्या. अकराच्या अकरा. भोकं मातीने बुजवली, वरून हात फिरवला. टेकडी हलली नाही. मी ढकलूनही पाहिली.

मग ताई आली. पदर सारखा केला आणि म्हणाली, "अहो."

"अहो," असं आलं. तिच्याच आवाजात.

पुन्हा म्हणाली. पुन्हा तेच.

तिसऱ्यांदा "अहो" म्हणालीच नाही. मला वाटलं आता शिव्या घालील, एक ठेवून देईल. मी तयारच होतो, उत्तरंही ठरवली होती. ती एवढंच म्हणाली, "चल, सकाळपासून उपाशी असशील. दोन घास खा."

जेवलो. साहेबांवर चिडून पाहिलं, खात्यावर पाहिलं. जमेना. ताईने न मागता भात वाढला.