बरणीतले मोड

१७ मे, शनिवार

खोलीत ३९ अंश. मुगाला बारा तासांतच मोड येतात. पुस्तकात चोवीस लिहिलेत — ते पुस्तक नवेगाव बांधला बसून लिहिलेलं नाही. चार-चार तासांनी पाणी बदललं नाही तर आंबट वास. काल एक बरणी फेकली.

म्हणून नियम केले. बरणी उकळत्या पाण्यातून काढायची. तोंडाला मलमल. पाणी उकळून माठात गार केलेलं. बरणीला हात फक्त माझा. दर खेपेला दोन दाणे बोटांत चोळून पाहते. बुळबुळ सुरू झाली की डोळ्याआधी बोटाला कळतं.

सगळं रेणूवहिनीसाठी. सातवा महिना, हिमोग्लोबिन ८.२. रोज एक वाटी, कच्चे, लिंबू पिळून. दोन आठवडे झाले. बाकीच्यांचे आई उसळीत टाकते.

आईची पद्धत पोत्याची. धानाची रोपं, पऱ्हे, टाकायच्या आधी बियाण्याला आणते तसे मोड — ओलं पोतं, वर दगड. तेच पोतं, बोडीत धुतलेलं, जिथे म्हशी बसतात! आज पुन्हा तेच : "धानाले चालते तं मुंगाले काऊन नाई चालत?"

म्हटलं, धान आपण कच्चं खात नाही.

"मंग मूंग तरी कायले कच्चा चारून रायली तिले?"

मी बरणीचं पाणी बदलायला उठले.

२३ मे

वहिनीला ताप. १०१. उन्हाचा असेल.

२५ मे, रविवार

उन्हाचा नाही. रोज संध्याकाळी आदल्या दिवसापेक्षा थोडा वर. जीभ मधे पांढरी, कडा लाल. हा ताप मला ओळखीचा आहे. नागपूरला हॉस्टेलमधे मला झाला होता, मुदतीचा, टायफॉइड. चौदा दिवसांचा कोर्स पुरा केला होता. एक गोळी चुकवली नाही.

वहिनी म्हणते, "ताई, तुमचं तोंड काऊन उतरलं? ताप तं मले आहे!"

मूग. तीन आठवडे कच्चे मूग. घरात उसळ सगळ्यांनी खाल्ली, कच्चे फक्त तिनं. कुणाला बोलले नाही. बरणी उकळून पालथी घातली.

२६ मे

अर्जुनीला भरती केलं. दवाखाना माझ्या लॅबला लागूनच. बाळाचे ठोके १७२.

दादा जिन्यात अडवून विचारतो, "तू तं लॅबवाली आहेस. सांग ना, बाळाले काही होत नाई ना?"

म्हटलं, रिपोर्ट येऊ दे. काय होऊ शकतं ते मला माहीत आहे. पुस्तकातल्या पान क्रमांकासकट.

२९ मे

वहिनीच्या रक्तात टायफॉइडचे जंतू. जंतू वाढवायला ठेवलेली प्लेट मीच उघडली. वहीत नोंद केली, अक्षर नेहमीसारखं. मग मागे जाऊन नळ सोडून उभी राहिले.

३० मे

पोतं सापडलं. रांजणामागे. ओलं!

आईनं लपवलं नाही. "दोन खेप केले माया हातानं. तुई बरणी पुरत नव्हती सगळ्यायले. उसळीतच टाकले वो."

वहिनीच्या वाटीत त्यातला एकही दाणा गेला नसेल कशावरून? मी जे बोलले ते इथे लिहीत नाही. शेवटचं तेवढं लिहिते : तू आता चुलीजवळ जायचं नाही.

आई उठून ओसरीवर जाऊन बसली. बाबा म्हणाले, "मायले असं बोलते का कोनी?" मी तांदूळ धुवायला घेतले.

१ जून, रविवार

१०३. सकाळपासून बाळ तीनदाच हललं. डॉक्टर म्हणतात, अठ्ठेचाळीस तास पाहू.

डबा मीच करते. पेज गाळते, बोट बुडवून कोमट आहे का पाहते, चमच्यानं भरवते. दुसऱ्या कुणाच्या हातचं तिला जात नाही.

लिहिल्यानं भीती कमी होईल असं वाटलं होतं. होत नाही.

२ जून

ज्यांचा टायफॉइड बरा झालाय अशा काहींच्या पोटात तो जंतू वर्षानुवर्षं राहतो. ताप नाही, दुखणं नाही, आणि हाताहातातून दुसऱ्याला. आईला लग्नाआधी मुदतीचा ताप आला होता — आजी सांगायची. आज आठवलं.

सहा नमुने घेतले. पोत्याचं धुवण. बोडीचं पाणी. शौचाचे चार : आई, बाबा, दादा. यादी अपुरी राहू नये म्हणून मी.

आईनं डबी हातात घेतली. "एवढंही पाहशील का आता मायं?" पण सकाळी आणून दिली, झाकण घट्ट लावून.

लॅबमधला ओमेश हसला, "क्या मॅडम, पूरा खानदान डब्बियों में!" मी लेबलं लावली.

४ जून

ताप १००! बाळ तासाभरात अकरा वेळा हललं. वहिनी म्हणते, "तुमचा आवाज आला का लाथा मारते, ताई. भांडखोर निघते वाट्टे, तुमच्यासारखं."

प्लेटा उद्या वाचायच्या. आई आजही ओसरीवरच जेवली. तिचा निकाल आला की शांतपणे सांगेन. आवाज न चढवता. औषध आहे त्याला.

५ जून, गुरुवार

पोतं — टायफॉइड नाही. बोडी — घाण पुष्कळ, टायफॉइड नाही. आई — नाही. बाबा, दादा — नाही.

सहावी प्लेट, माझी. बिनरंगी ठिपके, मधे बारीक काळे. कुणाची ते ओमेशला न सांगता त्याच्याकडून पुन्हा तपासून घेतली. तेच, टायफॉइड.

सकाळीही पेज कोमट आहे का ते मी बोट बुडवून पाहिलं.

आईला फोन केला. "चुलीजवळ जा," एवढंच म्हणता आलं.