दहा नंबरचा शर्ट

पाथर्डी,
५ मे २०२५

ती. हनुमंतदादास,

सुकन्याचा नमस्कार. तू मला ब्लॉक केलंस, म्हणून हे पत्र. इथे ऊन मी म्हणतंय. आई ऊसतोडीवरून पाडव्याला परतली, बरी आहे, शेवया करायला घेतल्यात.

आता तुझा हुकूम. फुटबॉलच्या गेममधली आपली टीम काढून टाकायची. नाही काढणार.

तो गेम मला तूच शिकवलास. पुण्याला जाताना जुना कॉम्प्युटरही तूच ठेवून गेलास. त्यातल्या परदेशी खेळाडूंच्या जागी मी आपल्या वाडीतल्या अकरा ऊसतोड बाया बसवल्या. चेहरे फोटोवरून केले. साडीवर शर्ट चढवताना घाम फुटला, पळताना पदर पायांतून आरपार जायचा. गवत भुरकं केलं, गोलामागे बाभूळ उभी केली. पाऊस लावला की कॉम्प्युटर अडकतो, म्हणून आमच्या मैदानावर पाऊसच पडत नाही. पाथर्डीला ते शोभतं. गोलकीपर गोजरकाकू. डोक्यावर मोळी घेऊन फळीवरून ट्रकवर चढणाऱ्या बाईला बॉल अडवणं काय जड? आई पुढे, दहा नंबर, कॅप्टन, पाठीवर 'लंकाबाई' आणि आपलं आडनाव. तिचा दम नव्व्याण्णव ठेवलाय, कारण शंभर गेम घेत नाही.

अनोळखी पोरंही ही टीम डाउनलोड करून खेळतात. त्यात तुझ्या होणाऱ्या बायकोचा, दिशाचा भाऊ निघाला. त्याने तुला विचारलं, ह्या लंकाबाई तुमच्या कोण? तुझं उत्तर तूच मला व्हॉइस मेसेजमध्ये ऐकवलंस: "हाय गावाकडची कुनीतरी, आसं सांगितलंय मी. माझी आई शाळेत बाई हुती म्हनून बोललोय. रविवारी दिशाच्या घरचे आपलं घर बघायला यायच्या आत टीम काढ."

आई बरी आहे, असं वर लिहिलं ते खोटं. तो मेसेज मी ओट्यावर मोठ्याने लावला आणि मागे आई उभी होती. त्या दिवशी ती जेवली नाही. दुसऱ्या दिवशी कॉम्प्युटरसमोर येऊन बसली.

"दाव मला मी."

दाखवली. तिने स्क्रीनवरच्या बाहीवर बोट ठेवलं.

"आगं, बाह्या लांब कर की. आर्ध्या बाहीनं कोन फडात जातंय? उसाचं पातं हात चिरतंय." मग म्हणाली, "काढू नको. येऊ दे पावन्यांना."

दादा, आबा गेल्यावर मुकादम आईला काय म्हणायचा, आठवतं? नवरा-बायको मिळून एक कोयता, एकटी बाई अर्धा कोयता. त्या अर्ध्या कोयत्यावर तू इंजिनिअर झालास. मला तुझा फार राग आलाय. आणि तरी रविवारी तू पाहुण्यांच्या आधी यावंस, असंही वाटतं.

बाह्या मी मनगटापर्यंत आणल्यात. रविवारी कॉम्प्युटर बाहेरच्या खोलीत चालू असेल. आईने फडातला शर्ट धुऊन ठेवलाय, साडीवर तोच घालून ती चहा देणार आहे. दिशाच्या भावाने पुन्हा विचारलं, तर उत्तर तू द्यायचंस. नाही दिलंस तर मी देईन.

तुझी बहीण,
सुकन्या

आई शेजारीच बसलीय. म्हणते, खाली माझंबी नाव टाक, आन् मी सांगते तसंच लिव्ह:

लंकाबाई. तुझी आई. आख्खा कोयता.