शिंपीमास्तरांच्या खणातले फोन

तीर्थरूप ताईस,

तुझ्या धाकट्या भावाचा, कंबरेला झेपेल तितका वाकून नमस्कार. तुझा गुडघा कसा आहे? माझी प्रकृती उत्तम आहे (रोज किती पावलं चाललो ते फोन घरभर सांगतो, त्यामुळे आजारी पडायचीही सोय राहिलेली नाही).

गेल्या गुरुवारी मी आलो नाही म्हणून तू रागावली असशील. आईच्या कपाटावरून तुझं आणि हिचं वाजलं, त्याला तीन वर्षं झाली. तेव्हापासून या घरात तुझं नाव काढायची चोरी. त्यात चिरंजीवांनी सगळ्यांच्या फोनमध्ये तो नकाशा घातला. कोण कुठे आहे ते आता चौघांनाही दिसतं. भाजी आणायला गेलो तरी मागून फोन, 'बाबा, तिथेच का थांबलात?' (गप्पा मारत होतो. तेही सांगावं लागलं.) म्हणून दर गुरुवारी फोन कोपऱ्यावरच्या शिंपीमास्तरांच्या खणात ठेवतो आणि तुझ्याकडे येतो. नकाशावर मी दोन तास शिंप्याकडे असतो. आता शिंप्याकडून रिकाम्या हाताने कसं यायचं? म्हणून मास्तर माझी एकच पँट एका गुरुवारी सैल करतात, पुढच्या गुरुवारी घट्ट. सुनेने काळजीने डॉक्टरांची वेळही घेतली आहे.

तर त्या गुरुवारी मास्तरांनी खण उघडला आणि आत आधीच एक फोन. कोपऱ्यावर चिकटपट्टी. ती मीच लावलेली, हिच्या फोनला! मास्तरांनी सुईत दोरा ओवायला मान खाली घातली ती वर काढेनात. मला राग आला, ताई, खोटं कशाला बोलू. इतक्या वर्षांच्या संसारात ही माझ्यापासून लपवाछपवी करते! (माझा फोन तेव्हा माझ्या हातात होता, त्याच खणात ठेवायला.) तसाच तणतणत तुझा जिना चढलो. दाराशी हिच्या चपला आणि आतून तुम्हा दोघींचं हसणं. किती दिवसांनी ऐकलं ते! जिन्यात बसून थोडा रडलो आणि आल्या पावली परत गेलो.

तुझा,
धाकटा

ता.क. विनंती एवढीच, आम्हा दोघांचे वार नीट वेगळे ठेव, पुन्हा असा घोळ नको. आणि मला कळलंय हे हिला सांगू नकोस. या घरात कुणाकडे स्वतःचं असं काही उरलेलं नाही. एवढं तिचं तिला राहू दे.

आणखी ता.क. मास्तर म्हणाले, शनिवारी खणात चिरंजीवांचा फोन असतो. तोही तुझ्याकडेच येत असेल तर त्याला पोटभर खायला घाल. येत नसेल, तर तसं मला कळवू नकोस.