सोबती अडखळत नाही

३ मार्च, सोमवार
आजपासून रोजनिशी. नियमित.
आमचं सॉफ्टवेअर 'सोबती' याच महिन्यात रिलीज होणार. फोन कागदावर धरायचा, सोबती मोठ्याने वाचून दाखवतो. ज्यांच्या डोळ्यांसमोर अक्षरं नाचतात त्यांच्यासाठी. म्हणजे माझ्या दादासारख्यांसाठी. शाळेत तो चित्रं बघून धडा म्हणायचा आणि मास्तरांचा मार खायचा. आता रसायनांच्या गोडाऊनमध्ये आहे. डबे झाकणाच्या रंगावरून ओळखतो. पहिली ट्रायल कॉपी त्यालाच दिली.
संकल्प: एक अख्खा दिवस गोडाऊनमध्ये दादाशेजारी बसून तो सोबती कसा वापरतो ते बघायचं. याच आठवड्यात.

६ मार्च, गुरुवार
डेमो. नाक कापलं गेलं. अक्षर पुसट असलं की सोबती 'हे मला वाचता येत नाही' म्हणून थांबतो. पाहुण्यांसमोर सारखा थांबत होता. पाहुणे बिस्किटं खात राहिले. साहेब नंतर म्हणाले, याला वाचायला ठेवलंय की रडगाणं गायला?
उपाय मला लिफ्टमध्येच सुचला.

९ मार्च, रविवार
उपाय तयार. नाव 'सलग वाचन'. अक्षर लागलं नाही तर जे बहुधा असेल ते बोलून टाकायचं, त्याच ठाम आवाजात. मी मीटिंगमध्ये रोज हेच करतो. कुणाची तक्रार नाही.
दादाच्या फोनवरही लगेच पाठवला; गोडाऊनला जाणं राहिलं. आज तसंही बंद असतं.

१२ मार्च
आमच्या टेस्टर बाईंना ऑफिसात शंकासुर म्हणतात. आज त्यांनी सोबतीसमोर चहा सांडलेला कागद धरला. त्याने न अडखळता वाचला. मी म्हटलं, बघा. त्या म्हणाल्या, बघतेय, कागदावर यातलं काहीच नाहीये.
मग त्यांनी फोन कोऱ्या भिंतीकडे वळवला. सोबतीने भिंत वाचली. 'सूचना. सर्वांनी रांगेत उभे राहावे. आपला क्रमांक लवकरच येईल.' पाठमोरा बसलेला डिझायनर खरंच उठून उभा राहिला.
आवाज मात्र फारच आश्वासक होता. साहेबांना तेच सांगितलं.

१५ मार्च
दादाचा फोन. खूष आहे. म्हणाला, आधी ती तुझी फोनमधली बाई थांबायची, मग मला कुणालातरी विचारायला जावं लागायचं. लाज वाटायची रे. आता थांबतच नाही.
याहून मोठं सर्टिफिकेट कोणतं? शंकासुरांना ऐकवलं. त्यांनी विचारलं, ते कुठे काम करतात म्हणालात? सांगितलं. बाई पाणी प्यायला गेल्या, त्या बराच वेळ आल्याच नाहीत.

१८ मार्च
दादाला बढती. स्टोअरकीपर. मालक म्हणाले, एवढी वर्षं वाचता येतं हे लपवलंस होय? वहिनींनी फोन घेतला. भाऊजी, हे आता झाकणं बघतच नाहीत, मला भीती वाटते, तुम्ही एकदा जाऊन बघाल का? म्हटलं, परवा नक्की.

२० मार्च
परवा म्हणजे आज. पण केस कापायचे होते. रिलीजला फोटो आहेत.

२४ मार्च
शंकासुरांचं लेखी म्हणणं: जे दिसत नाही तिथे थांबू द्या. मी उत्तर दिलं की थांबल्याने वापरणाऱ्याचा आत्मविश्वास जातो. त्या टेबलापाशी आल्या. हळू म्हणाल्या, कुणाचा? हसण्यावारी नेलं.
दादा म्हणाला, नवा माल आलाय, ड्रम. वाटेत भिजून लेबलं पुसट झालीत, पण तुझी बाई सगळं वाचते.
उद्या जातो. सकाळी पहिलं काम.

२५ मार्च
रिहर्सल लांबली.

२८ मार्च, शुक्रवार
रिलीज. टाळ्या. माझं भाषण चांगलं झालं, विशेषतः दादाबद्दलचा भाग. दादाच आला नाही. वहिनींचे फोन येत होते. कौतुकाचे असणार, म्हणून निवांत बोलू असं ठरवलं.

२९ मार्च
कौतुकाचे नव्हते.
ड्रमवर लिहिलं होतं, पाणी लागू देऊ नका. ती ओळ घासली गेली होती. बाकीच्या ड्रमांवर असतं तेच सोबतीने वाचलं: 'पाण्यात मिसळून वापरा.' दादाने मिसळलं. दोन्ही हात भाजले. डोळे वाचले, चष्मा होता म्हणून.
वॉर्डात वहिनींनी मला बसायला स्टूल दिलं. शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं.
साहेबांना फोन केला. म्हणाले, वाईट झालं, पण आकडे चांगले आहेत, सलग वाचन तूर्त चालू ठेवू. मी जरा ठामपणे 'बघू' म्हटलं.

२ एप्रिल, बुधवार, दुपारी
दादाला आज हॉस्पिटलमधून डिस्चार्ज मिळाला. डॉक्टरांनी कागद दिला. दादाचे हात बांधलेले, वहिनींचा चष्मा घरी. दादा म्हणाला, तू वाच. लहानपणी वाचून दाखवायचास तसं.
अक्षर भयंकर. खालची ओळ तर लागेचना. दोघं माझ्याकडे बघत होते. म्हटलं, मलम, दिवसातून दोनदा, जेवणानंतर.
वहिनींनी विचारलं, मलम जेवणानंतर? मी म्हटलं, नक्की.
त्या कागद माझ्या हातातून घेऊन नर्सकडे गेल्या. परत येऊन दादाला म्हणाल्या, मलमाचं काही नाहीये त्यात. पट्टी भिजवायची नाही आणि पुढच्या वेळी दोन नंबरच्या खिडकीवर यायचं, एवढंच आहे.
दादाने माझ्याकडे बघितलं. शाळेत मास्तर त्याच्याकडे बघायचे, तसं.