आजोबांचं तोंड गावाकडे

३ जून
पोचलो एकदाचा! लाए शहरातून गाडीने, पुढे दोन पायांवर. कॅमेरा पाठीवर, जीव मुठीत. आईच्या या गावाने मला पहिल्यांदाच पाहिलं, तरी येवाकोमामाने मिठी मारता मारता टोमणा हाणलाच, की शहरातला भात खाऊन भाचा पोकळ बांबू झालाय. मग भाजलेली रताळी, डुकराचं मांस, सुपारी. वरच्या कड्यात आजोबा बसलेत. वारल्यावर धुरावर वाळवलेले, लाल माती माखलेले, बांबूच्या खुर्चीत, तोंड गावाकडे. आता पाद्री कुणालाच धूर देऊ देत नाही, त्यामुळे आजोबा शेवटचे. माझा चित्रपट त्यांच्यावरच. तो झाला की थेट घरी. बायकोचे, रोझीचे, दिवस भरत आलेत.

६ जून
मामा आजोबांना ताजी माती लावता लावता त्यांनाच बातम्या सांगत होता: कुणाची डुकरीण व्याली, कुणाची पोरगी पळाली. मला हसू आलं. तो म्हणाला, हस बाबा, पण गावावर नजर ठेवायला कुणीतरी लागतंच. तो उतरल्यावर मी खुर्ची जराशी उन्हाकडे फिरवली. चेहऱ्यावर काय सुरेख उजेड आला! नादात परत फिरवायची राहिली.

९ जून
वारा सुटला होता. फिरवलेली खुर्ची कडेला आली होती. आजोबा दरीत गेले. मी मामाला सगळं सांगितलं. त्याने शिव्या घातल्या असत्या तर बरं वाटलं असतं. तो नुसता रडला. म्हणाला, ती जागा रिकामी राहत नाही रे, भाच्या.

१२ जून
निघालो होतो. उतारावर गुडघेच वाकेनात. मामाने पाठीवर घालून परत आणलं. भूक नाही, तहान नाही. अंगाला धुराचा वास येतोय, आणि घरात चूल पेटलेली नाही. मला भीती वाटते.

१४ जून
बायका येतात. बातम्या सांगतात — मला. डुकरं, भांडणं, पाऊस. रोझीचं कुणी सांगत नाही. पाद्री आला. वाटलं, हा सोडवेल — त्यानेही आपल्या पोरीचा ताप सांगितला. लक्ष असू द्या म्हणाला.

१६ जून
नवी खुर्ची. मान वळत नाही. बोटं अजून — मामा माती कालवतोय. म्हटलं, तोंड जरासं लाएकडे ठेव, मामा, रोझी — त्याने मायेने माझे डोळे पुसले. म्हणाला, पुन्हा तेच, भाच्या? इकडे बघ. गावा—