घोंगड्याच्या दशीची गाठ

ता. ११ फेब्रुवारी १९४६, सोमवार. वस्तीवर.

तात्याबा आज पुन्हा आले! रंगीवहिनीचे वडील. बसायला घोंगडं टाकलं तरी बसेनात, काठीवर हनुवटी टेकून उभे. आईला म्हणाले, "इनबाई, चार वर्सं झाली. आता पाडव्याच्या आत माझ्या लेकीला मोकळी करा. जतकडचं स्थळ आलंय. बायकू वारल्याली हाय, पर मानूस गरीब सोबावाचा हाय. पाट लावून दुसरं घर करून देतो."

आई म्हणाली, "मोकळी कशी करू? सरकारनं सुदिक मेला म्हनलं न्हाई. बेपत्ता म्हनलंय."

आत वहिनी दळत होती. जातं थांबलं. मग एकदम जोरात फिरायला लागलं.

धुळा माझा थोरला भाऊ. लहानपणापासून सगळे माझ्याबद्दल म्हणायचे, गुंड्या एक दिवस पळून जाणार. पळालो मीच, पण सांगलीपर्यंत! धुळा कधी मेंढरं सोडून विट्याच्या बाजारालासुद्धा राहिला नाही, आणि तो पलटणीत गेला. सिंगापूरकडं त्यांची बोट बुडाली. पुढं काहीच नाही. गेल्या दिवाळीत कडेगावचा ज्योतिबा जपान्यांच्या कैदेतून सुटून आला — वाळून नुसती काटकी! तो त्याच बोटीवर होता. त्याला भेटायला आम्ही तिघं चालत गेलो. तो म्हणाला, "धुळा मला दिसला न्हाई. पर काईजन पवत बेटाला लागलं, आसं ऐकलं."

तेव्हापासून आमच्या घरात बेट आलं. वहिनी रोज विचारते, "भावजी, बेट म्हंजी केवडं आसतंय? आपल्या माळायेवडं?"

मला काय ठाऊक. मी चौथीतून उठलेला माणूस.

ता. १३ फेब्रुवारी, बुधवार

सांगलीला परत निघालो. वाटेत कुंडलला कुस्त्या लागल्या होत्या. म्हटलं एक बघू. सगळ्या बघितल्या. मी ज्या लॉरीवर क्लीनर, ती गेली! नाथाजी ड्रायव्हरच्या शिव्या उद्या खायच्या.

ता. १७ फेब्रुवारी, रविवार. सांगली.

शिव्या खाल्ल्या. "तुला क्लीनर ठेवन्यापरीस माकाड ठेवलं आसतं तर निदान हाक मारली की आलं आसतं!" नाथाजी शिव्या देतो आणि पुढ्यातली भाकरीही देतो. त्याच्यावर राग धरता येत नाही.

पुढच्या आठवड्यात गुळाच्या भेल्या घेऊन लॉरी मालवणला जायची आहे. नाथाजी म्हणाला, "तितं दर्यात किल्ला हाय. चारी अंगाला पानी. होडीवालं दिवसभर फिरवून आनत्यात, खडक दावत्यात, किल्ला दावत्यात."

म्हणजे बेटच की!

मला समुद्र बघायचाच होता, ते आहेच. पण मनात आलं ते वहिनीचं. मग आईचं. मग वाटलं, गप्प बसावं. उगीच आशा लावायची. मग संध्याकाळी घाटावर एक माणूस पोपटाकडून नशीब काढून देत होता, तिथं उभा राहिलो, आणि विसरलो.

ता. २२ फेब्रुवारी, शुक्रवार. वस्तीवर.

सांगून टाकलं. जेवताना तोंडातून निघून गेलं.

मला वाटलं वहिनी म्हणेल, मला न्या. पण आईच म्हणाली, "ने मला. रंगीबी येईल."

मी म्हटलं, "आई, ते बेट वेगळं. धुळा गेला ते लांब, जपानकडं."

"बेट ते बेट. मला बगू दे कसं आसतंय."

माझी आई विट्या-कडेगावापलीकडं गेलेली नाही. काय समजावणार? जन्म सगळा माळावर, पावसाची आणि पाण्याची वाट बघण्यात गेला. तिच्या हिशेबी पाणी म्हणजे तळं. ह्या काठावरून त्या काठाला हाक जायला हवी. मला वाईट वाटलं. म्हातारी तिथं उभी राहून धुळाला हाका मारणार, आणि मी काय करणार?

निघताना वहिनीनं धुळाचं घोंगडं घेतलं. आमच्या वस्तीवर माणूस मेंढरं घेऊन लांब चाललं की त्याची बायको त्याच्या घोंगड्याच्या दशीला, काठाच्या सुट्या धाग्यांना, गाठ मारते. माणूस परत आला की आधी गाठ सोडतो, मग पाणी पितो. पलटणीत घोंगडं नेऊ देत नाहीत म्हणून ते घरीच राहिलं. पण गाठ तिनं मारली होती. चार वर्षांत ते धुतलंसुद्धा नाही — गाठ सैल होईल म्हणून.

ता. २५ फेब्रुवारी, सोमवार. मालवण.

काय प्रवास झाला! पेट्रोल मिळत नाही म्हणून लॉरी कोळशाच्या गॅसवरची. मागं ते पिंप धुमसतंय, चढाला आली की आम्ही उतरून ढकलायची. नाथाजीनं दोघी बायकांना पुढं बसवलं, मी गुळावर. कोल्हापुरात चहाच्या दुकानात एकच गलका — मुंबईला आरमारातल्या पोरांनी संप केला, गोळ्या सुटल्या. वहिनीनं एवढंच विचारलं, "बोटीवरली पोरं? कुटल्या बोटीवरली?"

फोंड्याच्या घाटात वहिनी ओकून ओकून अर्धी झाली. घोंगड्यावर मात्र थेंब पडू दिला नाही.

घाट उतरल्यावर सगळं हिरवं. आई झाडांकडं बघत राहिली. "येवडा पाला! आन खायाला यक मेंढरू न्हाई."

समुद्र अजून दिसला नाही. अंधार आहे. पण ऐकू येतो. मोठा कळप वाड्यात धापा टाकत बसावा तसा.

ता. २६ फेब्रुवारी, मंगळवार

आजचं सगळं लिहायला जमेल का बघतो.

सकाळी होडीत आम्ही तिघं, सांगलीचे एक मधुकरराव आणि त्यांची बायको शकुंतलाबाई. मधुकररावांच्या गळ्यात दुर्बीण. शकुंतलाबाईंनी घोंगड्याच्या वासानं नाकाला पदर लावला आणि पलीकडच्या कडेला सरकल्या. होडीवाला बाबी म्हणून एक काळाकुट्ट म्हातारा.

समुद्र! काय लिहू. मी उभाच राहिलो तर बाबी ओरडला, "बस रे झिला, होडी उलटी करशीत!"

आधी त्यानं खडकांच्या बाजूनं नेलं. काळे, फाटलेले खडक, कुऱ्हाडीनं तोडल्यासारखे. लाट येते, फुटते, पांढरी होऊन खाली गळते. एका सुळक्यावर काळे पक्षी पंख पसरून बसलेले — धुणं वाळत घालावं तसे! मी त्यांच्याकडंच बघत बसलो. आईनं पाण्यात हात घातला, जिभेला लावला आणि थुंकली.

"येवडं पानी आन घोटभर पेता येत न्हाई व्हय रं?"

"खारा असता गो आये," बाबी म्हणाला.

आईनं वहिनीकडं बघितलं. वहिनीनंही बोट बुडवून चाखलं. मग मान खाली घालून बसली.

किल्ल्यावर उतरलो. मोठमोठे तट, पायाशी लाटा. आणि आत विहीर! बाबीनं पोहरा ओढून ओंजळीत पाणी ओतलं. गोड! वहिनी ओंजळीवर ओंजळ प्यायली. हनुवटीवरून पाणी गळतंय, आणि एकदम तोंड वर करून म्हणाली, "आत्याबाई, गोडं हाय! बेटावर गोडं पानी आसतंय!"

चार वर्षांत तिचा असा चेहरा मी बघितला नव्हता. 

किल्ल्यात थोडी घरं आहेत. माणसं राहतात. वहिनी एकेका घरापुढं थांबायला लागली. घोंगडं छातीशी धरलेलं, पदर पुढं ओढलेला, पण डोळे आत. एका अंगणात एक जण पाठमोरा बसून जाळं सांधत होता. रुंद पाठ, डावा खांदा जरा उतरता, धुळासारखा. मलाही क्षणभर — खरं सांगतो — मलाही!

वहिनी जागेवर उभी. त्यानं वळून बघितलं. बारीक मिशीचा कोणी परका माणूस. "काय व्हया गो बाय?" म्हणाला.

ती पुढच्या घराकडं चालायला लागली.

तेव्हा आईनं तिचा दंड धरला. मला वाटलं, आई आता धुळाला हाका मारणार. नाही. तिला घेऊन तटावर चढली, पश्चिमेच्या अंगाला. मी मागं. मधुकरराव तिथंच दुर्बीण लावून उभे होते. आई सरळ त्यांना म्हणाली, "आवं दादा, ते जरा माज्या सुनंला द्या."

त्यांनी दिली. कशी धरायची ते दाखवलं. शकुंतलाबाई हसत होत्या.

आई म्हणाली, "काय दिसतंय?"

"पानी."

"त्येच्या फुडं?"

"पानी."

"त्येच्याबी फुडं बग. नीट बग, रंगे."

वहिनी बघत राहिली. दुर्बीण डोळ्यांवरून काढेना. शकुंतलाबाईंचं हसणं थांबलं. आईनं बाबीला विचारलं, "पल्याडचा काट कुटं हाय?"

"थंय काय नाय गो आये. पाणीच."

आईनं दुर्बीण हळूच काढून मधुकररावांना परत दिली. मग म्हणाली — आवाज जरासुद्धा हलला नाही — "बगितलंस? ह्याच्यात बोट बुडाली. रंगे, माजा लेक गेला. मी त्येची आय, मी म्हनते. गेला धुळा."

"आत्याबाई, गोडं पानी —"

"गोडं पानी हितं हाय. तितं न्हाई."

आणि घोंगडं ओढून घेतलं. वहिनी सोडेना. दोघी झटत होत्या. शेवटी वहिनीच्या हातातला जोर गेला. आईनं दशीची गाठ धरली. चार वर्षांची गाठ, दगड झालेली. नखांनी सुटेना. आईनं दातांनी सोडली. लोकरीचे धागे तिच्या ओठाला चिकटले होते.

वहिनी खाली बसली. तिच्या तोंडून जो आवाज आला तो मी लिहीत नाही.

शकुंतलाबाई तिच्याजवळ जाऊन बसल्या. घोंगड्यावरच बसल्या! नाक वगैरे काही नाही. मधुकरराव दुर्बीण पिशवीत घालून पाठ फिरवून उभे. मी समुद्राकडं बघत होतो. काल बघायला एवढा उतावीळ होतो. आता बघवेना.

बाबी खालून ओरडला, भरती येतेय, चला. होडीत बसल्यावर आई माझ्या कानाशी म्हणाली, "वस्तीवर बसून ह्ये तिला सांगून पटलं नसतं. बगायाच पायजे हुतं."

म्हणजे म्हातारीला सगळं कळत होतं! बेट बघायचंय म्हणाली, ती स्वतःसाठी नव्हेच. आणि मी इतके दिवस तिलाच वेडी समजत होतो.

ता. २७ फेब्रुवारी, बुधवार. वाटेत.

वहिनीनं आज कुंकू लावलं नाही. नाथाजीनं बघितलं, आणि दिवसभर एक शिवी दिली नाही.

ता. ९ मार्च, शनिवार. वस्तीवर.

तात्याबा वहिनीला न्यायला आले. आज बसले. आईनं वहिनीला चोळी दिली, दुरडीत भाकऱ्या बांधून दिल्या. तात्याबा म्हणाले, "इनबाई, तुमचं उपकार —"

"गप बसा वं. पोरीला सांजच्या आत घरी न्या."

वहिनी माझ्याजवळ आली. "भावजी, आत्याबाईस्नी बगा. फिरत बसू नगा." मग बांधापर्यंत गेली, वळली, परत आली, गोठ्यातल्या तिच्या लाडक्या मेंढीच्या कानामागं खाजवलं आणि गेली. आई दारात उभी होती. डोळ्यांना पदर लावला नाही. मीच मागं जाऊन रडलो.

धुळाला मला अंगावर घेऊन माळ दाखवायची सवय होती. मोठा होऊन मी त्याला कधी सांगली दाखवली नाही. आज उगीच आठवलं.

ता. २० मार्च, बुधवार. सांगली.

सर्कशीचा तंबू लागलाय. गेलो नाही.

ता. ५ एप्रिल, शुक्रवार. वस्तीवर.

परवा पाडवा झाला. त्याआधीच वहिनीचा पाट लागला. माणूस बरा आहे म्हणतात.

आज घरी आलो तर आई दारात बसलेली, मांडीवर धुळाचं घोंगडं. दशीला नवी गाठ.

"आई, अगं किल्ल्यावर तूच म्हणालीस ना, धुळा गेला?"

"ते रंगीला म्हनले."

गाठ ओढून बघितली, घट्ट बसलीय का. मग घोंगड्याची घडी घातली.

"वाट बगायला मी हाय की. ती कशाला?"